लक्षणनाम आणि कारणनाम : सूक्ष्म रक्तवाहिन्यांतील गुठळ्यांच्या विकारांचा परिभाषिक विचार

शास्त्रीय परिभाषेचा विचार करताना आपले लक्ष बहुधा पर्यायशब्दांवर असते. परकीय संज्ञेला मराठीत कोणता शब्द योजावा, तो संस्कृतोद्भव असावा की रूढ, उच्चारास सुलभ आहे किंवा नाही, असे प्रश्न आपण विचारतो. परंतु त्याच्याही आधीचा एक प्रश्न आहे. मूळ संज्ञा देणाऱ्याला त्या वेळी वस्तूविषयी काय ठाऊक होते आणि काय ठाऊक नव्हते, हा तो प्रश्न होय. वैद्यकात त्याला विशेष महत्त्व येते; कारण तेथे नाव अपुरे पडले तर केवळ ग्रंथातील वर्गीकरण बिघडत नाही, तर रोग्याला मिळणाऱ्या उपचारातही अंतर पडते.

रोगनामांचे स्थूलमानाने दोन प्रकार करता येतात. रोग कोणत्या लक्षणांनी युक्त आहे हे सांगणारी ती लक्षणनामे, आणि तो कशापासून जन्मतो हे सांगणारी ती कारणनामे. प्रस्तुत लेखात अत्यंत बारीक रक्तवाहिन्यांत गुठळ्या होऊन शरीराला इजा करणाऱ्या विकारांच्या एका गटाचा परिचय करून द्यावयाचा आहे; आणि ह्या गटाच्या गेल्या शंभर वर्षांच्या इतिहासात लक्षणनामांकडून कारणनामांकडे जो प्रवास झाला, त्याचा रोग्यांच्या जीविताशी कसा संबंध आला, हे पाहावयाचे आहे.

१. विकाराचे स्वरूप

हृदयापासून निघालेल्या रोहिण्यांना फाटे फुटत फुटत शेवटी रोहिणिका आणि त्यांच्याही पुढे केशवाहिन्या होतात. केशवाहिनीचा व्यास मिलिमीटरच्या शंभराव्या ते दोनशेव्या भागाइतका असतो. रक्तातील तांबड्या पेशीचा व्यासही साधारण तेवढाच असल्यामुळे तिला पुष्कळदा अंग चोरूनच पुढे जावे लागते. अशा वाहिनीत लहानशी गुठळीही मोठा अडथळा ठरते.

रक्तस्राव थांबविण्याचे पहिले काम बिंबाणू करतात. व्यवहारात आपण त्यांना प्लेटलेट म्हणतो. निरोगी माणसाच्या एक घन मिलिमीटर रक्तात ते दीड ते चार लाख असतात. वाहिनीला जखम झाली म्हणजे तेथे चिकटून ते भगदाड बुजवितात. ज्या विकारांचा येथे विचार चालला आहे त्यांत जखम नसतानाच असे पुंजके सूक्ष्म वाहिन्यांत जागोजागी तयार होतात. त्याचे तीन परिणाम होतात. पहिला, पुंजक्यांत खर्ची पडल्यामुळे रक्तातील बिंबाणूंची संख्या एकदम घटते, कधी तीस हजारांच्याही खाली जाते. दुसरा, अर्धवट बुजलेल्या वाहिनीतून रेटा खाऊन जाताना तांबड्या पेशी फाटतात. सूक्ष्मदर्शकाखाली त्यांचे शिरस्त्राणासारखे वा त्रिकोणी तुकडे दिसतात, आणि रोगी पांढराफटक व किंचित पिवळा पडतो. तिसरा, मेंदू, मूत्रपिंड, हृदय ह्या इंद्रियांच्या काही भागांना रक्त मिळेनासे होते.

येथे एक विसंगती ध्यानात घेण्याजोगी आहे. बिंबाणू कमी झाल्यामुळे त्वचेवर जांभळे ठिपके उठतात, हिरड्यांतून रक्त येते. म्हणजे बाहेरून हा रक्तस्रावाचा रोग दिसतो. आत मात्र तो गुठळ्यांचा रोग असतो. पाहणाऱ्याला प्रथम दिसते ते बाहेरचे, आणि नाव पडते तेही बाहेरच्यावरूनच.

२. पहिली नोंद आणि तीन नावे

ह्या विकाराचे पहिले स्पष्ट वर्णन न्यूयॉर्क येथील वैद्य एली मॉश्कोविट्झ ह्यांनी १९२४ साली केले. सोळा वर्षांच्या एका मुलीला अचानक ताप आला, अशक्तपणा वाढला, ती पांढरी पडली, तिला अर्धांगवायू झाला, आणि सुमारे दोन आठवड्यांत बेशुद्धावस्थेत तिचा अंत झाला. शवपरीक्षेत रोहिणिकांच्या टोकांशी व केशवाहिन्यांत काचेसारख्या पारदर्शक दिसणाऱ्या असंख्य गुठळ्या आढळल्या. पेशींना एकत्र चिकटविणारे आणि त्याच वेळी तांबड्या पेशी फोडणारे एखादे प्रबळ विष ह्यामागे असावे, असा तर्क मॉश्कोविट्झ ह्यांनी केला. तर्क अपुरा होता. पण तो कारणाविषयीचा होता, हे महत्त्वाचे.

पुढील नामकरणांत मात्र कारणाचा शोध मागे पडला. १९४७ साली कार्ल सिंगर व त्यांचे सहकारी ह्यांनी 'थ्रॉम्बोटिक थ्रॉम्बोसायटोपेनिक परप्युरा' हे नाव रूढ केले; त्याचेच आद्याक्षरी रूप टीटीपी. 'थ्रॉम्बोस' हा ग्रीक शब्द गोळ्याचा, साखळलेल्या रक्ताचा, तसाच नासलेल्या दुधातील गाठीचाही वाचक आहे. आपली 'गुठळी' जशी रक्तात होते तशी पिठातही होते, तोच प्रकार. 'परप्युरा' म्हणजे जांभळा रंग. मूळ ग्रीक शब्द ज्या शिंपल्यापासून तो रंग काढीत त्या शिंपल्याचा. तेव्हा संपूर्ण नावाचा अर्थ 'गुठळ्यांनी व बिंबाणूंच्या कमतरतेने युक्त असा जांभळ्या ठिपक्यांचा रोग' एवढाच होतो. व्याकरणदृष्ट्या पाहता 'ठिपके' हे त्यातील विशेष्य आणि 'गुठळी' हे विशेषण आहे. रोगाच्या वास्तव रचनेत हे नाते नेमके उलटे आहे.

१९५२ साली विल्यम सिमर्स ह्यांनी 'थ्रॉम्बोटिक मायक्रोअँजिओपॅथी' ही संज्ञा वापरली. गुठळ्यांमुळे झालेली सूक्ष्म वाहिन्यांची विकृती, असा तिचा अर्थ. ठिपके वगळून मूळ घटना तिने नावात आणली, आणि पुढे तीच साऱ्या गटाचे नाव बनली. १९५५ साली स्वित्झर्लंडमध्ये कोनराड गासर ह्यांनी पाच बालरोग्यांचे वर्णन करताना 'हीमोलायटिक युरीमिक सिंड्रोम' हे तिसरे नाव दिले. त्याचे आद्याक्षरी रूप एचयूएस. तांबड्या पेशींचा नाश आणि मूत्रपिंडे बंद पडल्याने रक्तात साचणारी द्रव्ये, ही लक्षणे त्यात नोंदली आहेत. 'सिंड्रोम' ह्या शब्दाचा मूळ अर्थच 'एकत्र धावणे' असा आहे. लक्षणे एकत्र का धावतात हे तो सांगत नाही.

अशा रीतीने एका बाजूने अनेक कारणांचे विकार एका नावाखाली गोळा झाले, तर दुसऱ्या बाजूने मेंदू अधिक बिघडला तर टीटीपी आणि मूत्रपिंड अधिक बिघडले तर एचयूएस, प्रौढ असेल तर पहिले आणि मूल असेल तर दुसरे, अशी वाटणी झाली.

३. पंचलक्षणी आणि तिची किंमत

१९६६ साली अमोरोसी आणि उल्टमन ह्यांनी स्वतःच्या १६ व पूर्वी नोंदलेल्या २५५ अशा एकूण २७१ रोग्यांच्या माहितीवरून टीटीपीची पाच लक्षणे निश्चित केली : बिंबाणूंची घट, पेशी फुटल्याने येणारा पांडुरोग, मेंदूचे विकार, मूत्रपिंडाचे विकार आणि ताप. ही पंचलक्षणी पाठ्यपुस्तकांत स्थिर झाली. त्या काळी सुमारे नव्वद टक्के रोगी दगावत.

व्याख्या म्हणून पंचलक्षणी चुकीची नव्हती. परंतु ती ज्या रोग्यांवरून बांधली गेली त्यांतील बहुतेकांचा रोग उपचाराअभावी टोकाला गेला होता. पाचही लक्षणे एकत्र दिसतात ती रोगाच्या अखेरच्या अवस्थेत. म्हणजे ही व्याख्या रोगाची असण्यापेक्षा रोगाच्या शेवटाची अधिक होती. उपचारच नव्हता तोवर ह्या दोषाने कोणाचे विशेष बिघडत नव्हते. उपचार सापडला आणि व्याख्येची किंमत मोजावी लागण्याचा प्रसंग आला.

१९७७ साली बर्न्स व खुराना ह्यांनी निरोगी माणसाचा रक्तद्रव दिल्याने टीटीपीचा रोगी सुधारतो असे दाखविले. पुढे रोग्याचा रक्तद्रव काढून त्याच्या जागी दात्याचा घालण्याची, म्हणजे रक्तद्रवविनिमयाची, पद्धत आली. १९९१ साली प्रसिद्ध झालेल्या कॅनडातील तुलनात्मक चाचणीत १०२ रोग्यांपैकी निम्म्यांना विनिमय व निम्म्यांना नुसता रक्तद्रव देण्यात आला. सहा महिन्यांनी पहिल्या गटातील ७८ टक्के आणि दुसऱ्यातील ६३ टक्के रोगी हयात होते. हा उपचार जितका लवकर सुरू होईल तितका गुणकारी ठरतो. आता पाचव्या लक्षणाची वाट पाहणे म्हणजे उपचाराची वेळ दवडणे झाले. म्हणून निकष सैल करण्यात आला. बिंबाणूंची घट आणि फाटलेल्या तांबड्या पेशी ही दोनच लक्षणे, दुसरे स्पष्ट कारण दिसत नसल्यास, उपचार सुरू करण्यास पुरेशी मानली जाऊ लागली. आज टीटीपीच्या दहा रोग्यांत एकाचीही पंचलक्षणी पूर्ण होत नाही; आणि हे सुचिन्ह आहे, कारण ती पूर्ण होण्यापूर्वीच रोग ओळखला जातो.

नावातील 'ठिपके' ह्या विशेष्याचाही येथे विचार केला पाहिजे. बिंबाणू कमी झाले, ठिपके उठले, तेव्हा बिंबाणू चढवावेत, असे नावावरून सहज वाटते. पण आत चिकट पुंजके तयार होत असताना बाहेरून आणखी बिंबाणू घालणे धोक्याचे ठरू शकते. म्हणून जीवावर बेतणारा रक्तस्राव नसेल तर टीटीपीत ते देण्याचे टाळतात.

४. कारणाचा शोध

निरोगी रक्तद्रवात असे काय होते की ज्याने रोगी वाचावा? ह्या प्रश्नाचे उत्तर अगदी वेगळ्या वाटेने आले. १९२६ साली, म्हणजे मॉश्कोविट्झ ह्यांच्या नोंदीनंतर दोनच वर्षांनी, फिनलंडमधील वैद्य एरिक फॉन विलेब्रांट ह्यांनी ओलांड बेटांवरील एका कुटुंबातील वंशागत रक्तस्रावाचा रोग वर्णिला. ज्या प्रथिनाच्या न्यूनतेमुळे तो होतो त्याला पुढे त्यांचेच नाव मिळाले. हे प्रथिन वाहिन्यांच्या अंतःस्तरातील पेशी तयार करतात. ते लांबच लांब धाग्यांच्या रूपाने रक्तात सोडले जाते आणि त्या धाग्याला बिंबाणू चिकटतात. प्रथिन कमी पडले तर रक्त थांबत नाही.

१९८२ साली जोएल मोक व सहकाऱ्यांना, पुन्हा पुन्हा टीटीपी उद्भवणाऱ्या रोग्यांच्या रक्तात ह्याच प्रथिनाचे अवाढव्य लांबीचे धागे आढळले. निरोगी माणसात असे धागे कोणी तरी तोडीत असले पाहिजे, हे त्यावरून सूचित झाले. १९९६ साली मिहा फुर्लान आणि हान-मोउ त्साइ ह्यांनी, एकमेकांपासून स्वतंत्रपणे, हे तोडण्याचे काम करणारा विकर ओळखला. १९९८ साली असे सिद्ध झाले की बहुतेक रोग्यांत ह्या विकराविरुद्ध त्यांच्याच शरीराने प्रतिपिंडे तयार केलेली असतात. थोड्या रोग्यांत तो जन्मतःच कमी असतो. २००१ साली त्याचे जनुक सापडले आणि विकराला 'अ‍ॅडमटीएस-१३' हे नाव मिळाले.

आता सारी घटना सुसंगत झाली. अरुंद वाहिनीत वेगाने वाहणाऱ्या रक्ताच्या ताणाने धागा उलगडतो. उलगडला की त्यातील एक विशिष्ट जागा उघडी पडते आणि विकर तेथे त्याला तोडतो. विकराचे कार्य नेहमीच्या दहा टक्क्यांच्या खाली गेले तर धागे अखंड राहतात व त्यांवर बिंबाणूंचे पुंजके जमतात. दात्याचा रक्तद्रव विकर पुरवितो आणि विनिमय प्रतिपिंडे काढून टाकतो, म्हणूनच तो उपचार लागू पडत होता. कारण कळल्यावर उपचारही नेमके झाले. प्रतिपिंडे तयार होऊ नयेत म्हणून औषधे देतात. बिंबाणूंना धाग्याशी चिकटू न देणारे 'कॅप्लासिझुमॅब' हे औषध २०१८ साली युरोपात व २०१९ साली अमेरिकेत संमत झाले. जन्मजात प्रकारासाठी कृत्रिम रीतीने तयार केलेला हाच विकर २०२३ साली अमेरिकेत संमत झाला.

५. दुसरी कारणे, तीच लक्षणे

एचयूएसच्या बाबतीत कारण निराळे निघाले. १९८३ साली टोरोंटो येथे मोहमद करमाली व सहकाऱ्यांनी हा विकार झालेल्या मुलांच्या आतड्यांत विषनिर्मिती करणारा ई. कोलाय जीवाणू दाखविला. हे विष १८९७ सालच्या साथीत कियोशी शिगा ह्यांनी शोधलेल्या आमांशाच्या जीवाणूच्या विषाशी जवळचे नाते सांगते. ते मूत्रपिंडातील सूक्ष्म वाहिन्यांच्या अंतःस्तराला चिकटते आणि तेथील पेशींची प्रथिननिर्मिती बंद पाडते. जुलाब सुरू झाल्यानंतर साधारण आठवड्याने मूल पांढरे पडते आणि लघवी कमी होते. २०११ साली जर्मनीत अशा जीवाणूच्या एका वाणाची मोठी साथ आली. तिचा उगम मोड आलेल्या मेथीत होता. बी इजिप्तहून आले होते. ३,८१६ माणसे आजारी पडली, ८४५ जणांना एचयूएस झाला आणि ५४ दगावली. रोग्यांत बहुसंख्य प्रौढ होते. 'मुलांचा रोग' ही नावाभोवती जमलेली समजूत त्या एका उन्हाळ्यात निकालात निघाली.

जुलाबावाचून होणाऱ्या प्रकाराला 'अटिपिकल', म्हणजे नेहमीपेक्षा वेगळा, असे नाव होते. हे नाव लक्षणही सांगत नाही. ते केवळ निषेध करते. त्यातील पुष्कळ रोग्यांत शरीराची पूरकप्रणाली ही संरक्षक व्यवस्थाच बेताल होते, हे पुढे कळले. ही प्रणाली नेहमी थोडी जागृत असते आणि 'फॅक्टर एच' हे प्रथिन तिला आपल्याच पेशींवर चालून जाण्यापासून आवरते. त्यात जन्मजात दोष असला किंवा त्याविरुद्ध प्रतिपिंडे झाली की अंतःस्तरावर हल्ला होतो. ह्या प्रणालीला रोखणारे 'एक्युलिझुमॅब' हे औषध २०११ साली ह्या विकारासाठी संमत झाले. भारतीय वाचकाने येथे विशेष लक्ष द्यावे. फॅक्टर एच-विरोधी प्रतिपिंडे हे कारण जागतिक ग्रंथांत विरळ मानले जात असे. २०१४ साली प्रसिद्ध झालेल्या, भारतातील अनेक रुग्णालयांच्या संयुक्त अभ्यासात अशी १३८ मुले आढळली. पाहणीतील एचयूएस झालेल्या रोग्यांत त्यांचे प्रमाण ५६ टक्के होते. त्वरित रक्तद्रवविनिमय व प्रतिकारशक्ती दाबणारी औषधे ह्यांचा त्यांना चांगला उपयोग झाला. जे एका देशात 'नेहमीपेक्षा वेगळे', ते दुसऱ्या देशात बहुसंख्य असू शकते. निषेधवाचक नावात 'नेहमीचे' म्हणजे कोणाचे, हे कधीच सांगितलेले नसते.

ह्यांखेरीज क्विनाईनसारखी व कर्करोगावरील काही औषधे, अनावर रक्तदाब, गरोदरपणातील काही विकार, आणि आपल्याकडे घोणसाचा दंश, ह्यांतूनही हेच चित्र उद्भवू शकते. सूक्ष्मदर्शकाखाली फाटलेली पेशी सारखीच दिसते. उपचार मात्र प्रत्येकाचा वेगळा. ई. कोलायच्या विषावर रक्तद्रवविनिमयाचा निश्चित उपयोग दिसलेला नाही, तर टीटीपीत त्यावाचून रोगी वाचणे कठीण.

६. मराठी परिभाषेचा प्रश्न

ह्या साऱ्यामुळे तज्ज्ञांनी नावांची फेरमांडणी सुरू केली. २०१४ साली जेम्स जॉर्ज व कार्ला नेस्टर ह्यांनी गटाला एक सामान्य नाव ठेवून पोटप्रकारांना कारणावरून नावे द्यावीत असा पुरस्कार केला. २०१७ साली आंतरराष्ट्रीय तज्ज्ञगटाने टीटीपी व तत्सम विकारांच्या संज्ञा निश्चित केल्या.

मराठीत ही फेरमांडणी करणे तुलनेने सोपे आहे, असे प्रस्तुत लेखकाला वाटते. टीटीपी ह्या नावाचे शब्दशः भाषांतर केल्यास 'क्लथनयुक्त बिंबाणून्यूनतायुक्त नीलारुणी रोग' असा काही तरी समास हाती येईल. तो लांब आहे हा त्याचा लहान दोष. १९४७ सालचे अज्ञान तो आज नव्याने मराठीत आणतो हा मोठा. त्याऐवजी गटाला 'सूक्ष्मवाहिनी-गुठळीविकार' असे सामान्य नाव द्यावे, आणि पोटप्रकारांना 'विकरन्यूनताजन्य', 'जीवाणुविषजन्य', 'पूरकप्रणालीजन्य', 'औषधजन्य', 'सर्पविषजन्य' अशी विशेषणे लावावीत. '-युक्त' हा उत्तरपद म्हणून कोणत्याही लक्षणाला जोडता येतो. '-जन्य' मात्र आधी जनक सांगितल्याशिवाय लागत नाही. ज्या रोग्यात जनक अद्याप निश्चित झालेला नाही, तेथे विशेषणाची जागा रिकामी राहील. ते रिकामेपण उपयुक्त आहे, कारण तपास अपुरा असल्याची आठवण ते करून देते. टीटीपी, एचयूएस ही आद्याक्षरे रुग्णालयांत रूढ आहेत. ती संक्षेप म्हणून राहण्यास हरकत नाही.

हा प्रश्न केवळ कोशकारांचा नाही. पावसाळ्यात आपल्याकडे 'प्लेटलेट कमी झाल्या' हे वाक्य जवळजवळ डेंग्यूचे पर्यायनाम झाले आहे, आणि बहुतेक वेळा ते खरेही ठरते. टीटीपी वर्षाला दहा लाखांत मोजक्याच माणसांना होतो. परंतु बिंबाणू घटले आहेत हे लक्षण आहे. डेंग्यू हे कारण आहे. लक्षणालाच कारणाचे नाव दिले की पुढचा प्रश्न विचारला जात नाही. काचपट्टीवर रक्ताचा एक थेंब पसरून त्यात फाटलेल्या पेशी आहेत काय, हे पाहण्यास फारसा वेळ लागत नाही; मात्र ते पाहावे असे कोणाला तरी वाटले पाहिजे. परिभाषा अशी असावी की तिच्यामुळे हे वाटणे सुलभ व्हावे.